हिरवळ कुणाची, मूठ कुणाची

न्यू जर्सीत राहणाऱ्या माझ्या भाच्याने गेल्या वर्षी पहिले घर घेतले. घराच्या पुढे-मागे मिळून साधारण ६,००० चौरस फूट हिरवळ आहे. ताबा मिळून पंधरा दिवस होत नाहीत तोच त्याचा फोन आला. "मामा, तू जुन्या यंत्रांवर लिहितोस ना? मग एक सांग, गवत कापायचं यंत्र कुठलं घेऊ?" पाठोपाठ दुकानातल्या खोक्यांचे फोटो आले. सगळ्यांवर थोडेफार सारखेच शब्द होते: बॅटरीवर चालणारे, सेल्फ-प्रोपेल्ड, २१ इंच रुंदी, इतके व्होल्ट, इतके अँपिअर-तास.

माझ्या घराला हिरवळ नाही. गॅलरीत कुंड्या आहेत, त्यातली तुळस तेवढी जगते. तेव्हा "मला यातले काही कळत नाही" असे सांगून मोकळे होता आले असते. पण 'सेल्फ-प्रोपेल्ड' हा शब्द डोक्यातून जाईना. यंत्र स्वतःच्या बळावर पुढे जाते, असे खोक्यावर मुद्दाम छापावे लागते, याचा अर्थ पूर्वी ते कुणीतरी ढकलत किंवा ओढत असणार. तो कोण होता? या एका प्रश्नामागे मी काही आठवडे घालवले. भाचा तोवर शेजाऱ्याचे पेट्रोलचे यंत्र मागून आणत होता. त्याला जे उत्तर पाठवले, त्याचाच हा विस्तार.

०००

सुरुवात गवतापासून नव्हे, कापडापासून करावी लागते. इंग्लंडच्या ग्लॉस्टरशायर परगण्यातले स्ट्राउड हे गाव लोकरी कापडासाठी प्रसिद्ध होते. पेशवाईच्या कागदांत आपल्याला 'बनात' भेटते, त्या जातीचे हे जाड कापड. ब्रिटिश सैनिकांचे लाल डगले याच कापडाचे असत आणि ईस्ट इंडिया कंपनी त्याची मोठी गिऱ्हाईक होती. बनात विणून झाली की तिच्यावरची लव बोंडांनी घासून उभी करायची आणि मग ती एकसारखी कातरायची. त्याशिवाय कापडाला तुकतुकी येत नसे. हे काम पूर्वी भल्यामोठ्या कात्र्यांनी हाताने होई, आणि ते करणारे कारागीर चांगले कमावत. १८१५ च्या सुमारास याच खोऱ्यात फिरत्या पात्यांचे कातरयंत्र आले. नळकांड्यावर पिळासारखी बसवलेली पाती फिरत आणि खालच्या एका स्थिर पात्याशी त्यांची कात्री होऊन लव कापली जाई.

एडविन बडिंग हा याच परिसरातला यंत्रकारागीर. कापडाची लव कापता येते, तर जमिनीवरची का नाही, असे त्याच्या मनात आले. त्याने ते नळकांडे लोखंडी चौकटीत बसवले, मागे जड रूळ लावला आणि रुळाची गती दातेरी चाकांमधून पात्यांना दिली. ३१ ऑगस्ट १८३० रोजी त्याला पेटंट मिळाले. जॉन फेराबी या कारखानदाराने पैसा घातला आणि स्ट्राउडजवळच्या थ्रप येथे यंत्रे तयार होऊ लागली. रुंदी होती १९ इंच. कापण्याची उंची कमी-जास्त करण्याची सोय होती, कापलेले गवत पुढच्या पेटीत उडून पडे. म्हणजे भाच्याच्या खोक्यावर ठळक अक्षरांत छापलेल्या तीन गोष्टी (रुंदी, उंची बदलण्याची सोय आणि गवताची पेटी) पावणेदोनशे वर्षांहून जुन्या आहेत. १९ इंचांचे २१ झाले, एवढाच फरक. यंत्राची शक्ती कितीही वाढली तरी मागे चालणाऱ्या माणसाचे खांदे तेवढेच राहिले.

बडिंगच्या आधी हिरवळ कापत ती माणसे. दोन्ही हातांनी झोकायचा लांब दांड्याचा विळा घेऊन ती पहाटेच निघत, कारण दवाने ओले गवत पात्याखाली नीट येते. मागून बायका आणि मुले कापलेले गवत झाडून गोळा करत. हे काम खर्चाचे होते, म्हणून तलम हिरवळ हे श्रीमंतीचे लक्षण. ज्याला एवढी जमीन पिकाविना आणि गुरांविना मोकळी ठेवता येते आणि वर तिच्यावर मजूर लावता येतात, तो बडा माणूस. पुढे १८९९ मध्ये थॉर्स्टीन व्हेब्लेन या अमेरिकी अर्थशास्त्रज्ञाने यावर मार्मिक टिप्पणी केली. हिरवळ हे मुळात गायरान, गाईने ती फुकट आणि छान राखली असती. पण गाय उपयोगाची आणि काटकसरीची, म्हणून ती श्रीमंताच्या अंगणात शोभत नाही, असा तिचा आशय आहे.

बडिंगचे यंत्र लंडनच्या रीजेंट्स पार्कमधल्या प्राणिसंग्रहालयात आणि ऑक्सफर्डच्या कॉलेजांत लवकर पोहोचले. विळा घेतलेल्या सहा-आठ माणसांचे काम ते करते, अशी रीजेंट्स पार्कमधल्या मुकादमाची शिफारस होती. ती वाचताना मी थबकलो, कारण तारखा शेजारी-शेजारी होत्या. १८३० च्या ऑगस्टच्या अखेरीस, म्हणजे बडिंगला पेटंट मिळाले त्याच दिवसांत, केंट परगण्यात शेतमजुरांनी मळणीयंत्रे फोडायला सुरुवात केली. हिवाळ्यातली मळणी हेच त्यांचे पोट होते. 'कॅप्टन स्विंग' या काल्पनिक नावाने धमकीची पत्रे फिरली आणि दंगे दक्षिण इंग्लंडभर पसरले. १९ जणांना फाशी झाली, सुमारे ५०० जणांना ऑस्ट्रेलियाकडे हद्दपार केले गेले. त्याआधी १८१२ च्या सुमारास यॉर्कशायरमध्ये ज्या लुडाइटांनी हातोड्यांनी यंत्रे फोडली, त्यांत बनात कातरणारे कारागीर पुढे होते.

म्हणजे बडिंगने जे तत्त्व उचलले त्याच्यावर रोजगार बुडाल्याचा डाग आधीच होता. तरीही हिरवळीच्या यंत्राविरुद्ध असा उठाव झाला नाही. माझ्या मते त्याचे कारण असे की हे यंत्र शेतात आले नाही, बागेत आले; आणि सावकाश आले. बडिंगने पेटंटच्या मजकुरात आणखी एक गोष्ट सुचवली होती. हे यंत्र जमीनदारांनी स्वतः चालवून पाहावे, करमणूक होईल आणि व्यायामही. नोकराच्या हातातली मूठ मालकाने घ्यावी ही कल्पना इथे प्रथम दिसते. तिला खरे होण्यास शंभरेक वर्षे लागली.

०००

कारण बडिंगचे यंत्र जड होते. मागून एकाने ढकलायचे आणि पुढून दुसऱ्याने ओढायचे, म्हणून त्याला पुढेही एक मूठ होती. इथे एक तांत्रिक गोष्ट सांगायला हवी, कारण पुढचा सगळा इतिहास तिच्याभोवती फिरतो. गवत कापण्याच्या यंत्राला दोन कामे असतात: पाते फिरवणे आणि यंत्र पुढे नेणे. बडिंगच्या यंत्रात ही दोन्ही कामे माणसाचे पायच करत. रूळ फिरला तरच पाती फिरत.

मग ही कामे एकेकाकडे सोपवली गेली. १८४२ मध्ये स्कॉटलंडच्या आर्ब्रोथ गावी अलेक्झांडर शँक्सने तट्टाने ओढायचे २७ इंची यंत्र केले. हिरवळीवर खुरांचे ठसे उमटू नयेत म्हणून जनावरांना चामड्याचे बूट घालत. १८५९ मध्ये लीड्सच्या टॉमस ग्रीनने दातेरी चाकांऐवजी साखळी लावली. यंत्र हलके झाले, आवाज कमी झाला. १८९३ मध्ये लँकेशरमधल्या लेलँड गावच्या जेम्स समनरने वाफेवर चालणारे यंत्र आणले. ते टनाहून जड होते आणि पाणी उकळेपर्यंत वाट पाहावी लागे, त्यामुळे टिकले नाही. पण समनरचा वाफेचा उद्योग टिकला. त्यातून १८९६ मध्ये लँकेशर स्टीम मोटर कंपनी उभी राहिली, तिचीच पुढे लेलँड मोटर्स झाली आणि १९५५ पासून मद्रासच्या अशोक मोटर्सच्या नावाला ते गाव जोडले गेले. आपण ज्या अशोक लेलँडच्या एसटीने गावी गेलो, तिच्या घराण्यात एक गवत कापायचे यंत्र आहे.

१९०२ मध्ये रॅन्सम्स कंपनीने पेट्रोलचे यंत्र विकायला काढले. आता इंजिन दोन्ही कामे करू लागले. म्हणजे 'सेल्फ-प्रोपेल्ड' यंत्र तेव्हाच आले म्हणायला हरकत नाही, फक्त ते क्लबांसाठी आणि मोठ्या बागांसाठी होते. घरगुती यंत्राने वेगळी वाट धरली. १९५२ मध्ये सिडनीत मर्व्हिन रिचर्डसनने आपल्या गॅरेजमध्ये एक हलके यंत्र जुळवले. पेट्रोलच्या टाकीसाठी त्याने पीच फळांचा रिकामा डबा वापरला. 'व्हिक्टा' या नावाने हे यंत्र ऑस्ट्रेलियात घरोघर गेले. त्यात बडिंगची कात्री नव्हती. एक आडवे पाते पंख्यासारखे जमिनीशी समांतर फिरे आणि निव्वळ वेगाच्या जोरावर गवत तोडे. अशी आडव्या पात्याची यंत्रे आधीही होती, पण घराघरांत ती याच काळात पोहोचली. नीट पाहिले तर हे पुन्हा विळ्याचेच तत्त्व आहे. विळ्यालाही दुसरे पाते लागत नाही, झोक लागतो. अशा स्वस्त यंत्रांत इंजिन फक्त पाते फिरवी. पुढे ढकलायचे काम पुन्हा माणसाकडे आले. हा माणूस आता घरमालक होता.

०००

हिंदुस्थानात ही वाटणी निराळी झाली. इंग्रजांनी हिरवळ आणली, क्लब आणले, यंत्रेही आणली. इथे तट्टाची जागा बैलांनी घेतली. नव्या दिल्लीतल्या सरकारी हिरवळींवर बैलजोडीने ओढलेली यंत्रे स्वातंत्र्यानंतरही फिरत होती. तिथल्या व्हाइसरॉयच्या बागेत चारशेहून अधिक माळी होते, त्यांतली पन्नास मुले केवळ पाखरे हाकलायला. माणूस एवढा स्वस्त असला की यंत्राने त्याची जागा घेण्याचे कारण उरत नाही.

हिरवळ कुणाची हा प्रश्न मात्र इथे उघडपणे विचारला गेला. मुंबईच्या मैदानावर गोऱ्यांच्या पोलोच्या घोड्यांनी गवत उखडते, आम्ही क्रिकेट खेळायचे कसे, अशी तक्रार देशी खेळाडूंनी १८८१ पासून अर्ज-विनंत्यांनी लावून धरली. शापूरजी सोराबजी यांनी त्या झगड्याची हकीकत १८९७ मध्ये पुस्तकरूपाने छापली.

आणि पुण्यात याच काळात एक मुलगा मैदान राखत होता. पालवणकर बाळू हे चांभार समाजातले. पारशांच्या क्लबात महिना ३ रुपयांवर ते खेळपट्टी झाडत आणि तिच्यावर रूळ फिरवत. १८९२ च्या सुमारास ते गोऱ्यांच्या पूना क्लबात ४ रुपयांवर गेले. रूळ, आखणी, जाळी बांधणे ही कामे करता करता त्यांना जे. जी. ग्रेग या फलंदाजाला सरावासाठी चेंडू टाकायला मिळाले. ग्रेगना बाद केले की दर वेळी आठ आणे मिळत, असे सांगतात. पुढे हिंदूंच्या संघाला त्यांची गोलंदाजी हवी होती, पण चहा मात्र त्यांना बाहेर, मातीच्या भांड्यात दिला जाई. १९११ च्या इंग्लंड दौऱ्यात त्यांनी ११४ बळी घेतले.

बाळूंची कथा क्रिकेटच्या इतिहासात अनेकदा आली आहे. मला ती गवताच्या इतिहासातही महत्त्वाची वाटते. मैदानावर सर्वांत जास्त वेळ घालवणारा, त्याची प्रत्येक वीत ओळखणारा माणूस त्या मैदानाचा कुणीच नसतो. मूठ त्याच्या हातात, हिरवळ दुसऱ्याची.

०००

भाच्याच्या गावाकडे परतायचे तर मधे १९४७ साल लागते. न्यूयॉर्कजवळच्या लाँग आयलंडवर लेव्हिट या बांधकाम व्यावसायिक कुटुंबाने युद्धावरून परतलेल्या सैनिकांसाठी लेव्हिटाउन वसवायला घेतले. काही वर्षांत तिथे १७,००० हून अधिक घरे झाली. प्रत्येक घरापुढे हिरवळ, आणि ती आठवड्यातून एकदा कापलीच पाहिजे अशी भाडेकराराची अट. नोकर ठेवण्याची ऐपत या कुटुंबांना नव्हती. बडिंगची सूचना इथे खरी झाली: मालक स्वतः मूठ धरून शनिवारी अंगणात उतरला. यंत्रांचा बाजार फुलला तो अशाच वस्त्यांमुळे.

त्याच करारात आणखी एक कलम होते. गोऱ्या वंशाखेरीज कुणी या घरात राहू नये. त्याला एकच अपवाद, घरकामाचे नोकर. म्हणजे काळ्या माणसाने ती हिरवळ कापायला हरकत नव्हती, तिचा रहिवासी व्हायला होती. अशी कलमे न्यायालयांमार्फत अमलात आणता येणार नाहीत, असा निकाल अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने १९४८ मध्ये दिला. घरांच्या व्यवहारातल्या भेदभावाला कायद्याने बंदी यायला १९६८ उजाडले. भारतीयांसाठी स्थलांतराचे दार १९६५ च्या कायद्याने उघडले. माझ्या भाच्याच्या ६,००० चौरस फुटांमागे हे कागद आहेत. ही गोष्ट मी त्याला व्होल्ट आणि अँपिअरच्या आधी लिहिली.

आज अमेरिकेत हिरवळ किती आहे याचा उपग्रहचित्रांच्या आधारे अंदाज २००५ मध्ये क्रिस्टिना मिलेसी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी मांडला: सुमारे १.६ लाख चौरस किलोमीटर, म्हणजे महाराष्ट्राच्या निम्म्याहून अधिक. त्यातली पुष्कळशी मेक्सिको आणि मध्य अमेरिकेतून आलेले मजूर कापतात. मालकाच्या हातून मूठ पुन्हा दुसऱ्याकडे गेली आहे.

०००

आता खोके.

बॅटरीचे यंत्र हवेच का? पेट्रोलच्या लहान इंजिनांचा धूर त्यांच्या आकाराच्या मानाने फार असतो. व्यावसायिक वापराचे पेट्रोल यंत्र तासभर चालवले तर धुरके करणारी प्रदूषके एका साध्या मोटारीच्या ३०० मैलांच्या प्रवासाइतकी निघतात, असा कॅलिफोर्नियाच्या हवा मंडळाचा हिशोब आहे. २०२१ मध्ये त्या राज्याने अशा नव्या इंजिनांची विक्री थांबवण्याचा कायदा केला. आवाजाचा त्रास वेगळाच. बॅटरीवर यंत्र चालवण्याचे प्रयत्न जुने होते, पण शिशाची बॅटरी स्वतःच्या वजनाखाली दबून जाई. वाट मोकळी केली ती लिथियमने. त्यातला एक कळीचा शोध, कोबाल्ट ऑक्साइडचा विद्युतअग्र, १९८० मध्ये जॉन गुडइनफ यांनी ऑक्सफर्डमध्ये लावला. बडिंगचे यंत्र ज्या गावच्या कॉलेजांनी आधी घेतले, तेच हे गाव. १९९१ मध्ये सोनीने ही बॅटरी बाजारात आणली आणि २०१९ मध्ये गुडइनफ, व्हिटिंगहॅम आणि योशिनो यांना नोबेल मिळाले.

बॅटरी निवडताना नुसत्या व्होल्टवर जाऊ नये. व्होल्ट गुणिले अँपिअर-तास म्हणजे वॉट-तास. टाकीत किती इंधन आहे ते हा आकडा सांगतो. खोक्यावरचा मोठा आकडा पुष्कळदा पूर्ण भरलेल्या बॅटरीचा असतो. आत दहा घट असतील तर प्रत्येकी ३.६ प्रमाणे खरे ३६ व्होल्ट, पण छापलेले असतात ४०. ३६ व्होल्ट आणि ६ अँपिअर-तास म्हणजे २१६ वॉट-तास. ५० व्होल्ट आणि ८ अँपिअर-तास म्हणजे ४००. दुसरी बॅटरी जवळपास दुप्पट काम करील.

किती काम हवे तेही मोजता येते. २१ इंच रुंदीतले थोडे प्रत्येक फेरीत आधीच्या पट्ट्यावर चढते, म्हणून दीड फूट धरावी. ६,००० भागिले दीड म्हणजे ४,००० फूट, सव्वा किलोमीटर चालणे. वळणे धरून अर्धा तास. कोरडे, वेळच्या वेळी कापलेले गवत असेल तर ४०० वॉट-तासांत हे आरामात बसते. गवत ओले किंवा वाढलेले असेल तर पात्याला जोर लागतो, आणि चाकांची मोटरही त्याच टाकीतून पिते.

मग सेल्फ-प्रोपेल्ड घ्यायचेच का? अंगण सपाट आणि लहान असेल तर नको. हलके यंत्र ढकलणे सोपे आणि बिघडायला एक भाग कमी. भाच्याच्या मागच्या अंगणाला चढ आहे, म्हणून त्याने घ्यावे, आणि मागच्या चाकांना गती असलेले घ्यावे. मागची गवताची पिशवी भरली की पुढची चाके उचलल्यासारखी होतात. पुढून ओढणारे यंत्र नेमके तेव्हाच घसरते. वेग आपल्या पावलाप्रमाणे बदलता यावा. थंडीत बॅटरी घरात ठेवावी, गोठणबिंदूखाली ती चार्ज करू नये.

आणखी एक गोष्ट तपासायची. मूठ सोडली की पाते ३ सेकंदांत थांबले पाहिजे, असा अमेरिकेत १९८२ पासून नियम आहे. मूठ दाबून धरलेली असेल तेवढ्याच वेळ पाते फिरते. तोडलेल्या बोटांच्या असंख्य तक्रारींनंतर मूठ धरणाऱ्याच्या बाजूने झालेला हा कायदा आहे.

यंत्राने सगळे ओझे उचलले असे मात्र मी लिहू शकलो नाही. अशा अनेक बॅटऱ्यांत कोबाल्ट असते. जगातल्या खाणींतून निघणाऱ्या कोबाल्टचा बहुतांश भाग आफ्रिकेतल्या काँगोतून येतो, आणि तिथे काही ठिकाणी माणसे तो हातांनी खणतात, त्यांत मुलेही असतात. पहाटे विळा घेऊन निघालेला मजूर, त्याच्यामागून झाडत येणारी मुले, चामडी बूट घातलेले तट्टू, बैल हे सगळे हिरवळीवरून गेले. पण कष्ट संपले असे नाही. ते अंगणातून दिसेनासे झाले, एवढेच. म्हणून मी त्याला सांगितले, बॅटरी गरजेपेक्षा मोठी घेऊ नकोस, घेशील ती नीट सांभाळ, आणि मागच्या चढावरचे थोडे गवत कापलेच नाहीस तर काही बिघडत नाही.

त्याने मागच्या चाकांचे यंत्र घेतले. पहिल्या शनिवारी त्याने फोन कुंपणावर टेकवून मला दाखवले. एक फेरी झाली, वळण झाले, आणि मी सांगितले तसे त्याने मूठ सोडली. मी इकडे मोजत होतो. तीनच्या आत पाते थांबले.

"चालतंय की," तो म्हणाला. चढावरचा एक पट्टा त्याने तसाच ठेवला होता.